लक्ष्मीपूजनाच्या आत एक बाळंतपण

३ सप्टेंबर, बुधवार
ओपीडी जोरात. ताप, खोकला, एक विंचू. विंचूवाल्याला दोन तास बसवून घरी पाठवला. दुपारी छातीत दुखणारे एक आबा आले, त्यांना चिठ्ठी. आजची तिसरी. 'पुढील उपचारासाठी धुळे' हे मी आता झोपेतही लिहीन.

डॉ. बागूल म्हणाले, "सिस्टर, दारात इतिहासाचा फलक लावायचाय. तुम्ही एकतीस वर्षं इथं आहात, एक पान लिहून द्या." लिहिते म्हटलं. त्यात काय.

५ सप्टेंबर, शुक्रवार
पान लिहायला बसले. पहिल्या चार ओळी बऱ्या झाल्या.

"झमकूबाई सूतिकागृह. शेठजींच्या पत्नी झमकूबाई पहिल्या बाळंतपणात अडल्या. बैलगाडीतून धुळ्याला नेताना वाटेतच गेल्या. शेठजींनी कापसाची वखार मोकळी करून तिथं बायाबापड्यांसाठी वीस खाटा टाकल्या."

पुढची ओळ अशी की शेठजींनी दानपत्रात अट घातली: दर साली इथं निदान एक तरी जन्म झालाच पाहिजे. साल त्यांचं, मारवाडी, लक्ष्मीपूजन ते लक्ष्मीपूजन. एक साल कोरं गेलं की इमारत जागेसकट वारसांकडे परत. डॉ. म्हणाले, हे फलकावर नको. बरोबरच आहे. हायवेला लागून असलेली जागा, उगाच कुणाला आठवण कशाला करून द्या.

८ सप्टेंबर, सोमवार
पान पुढे सरकेना. काय म्हणून लिहू? मी लागले तेव्हा वीसच्या वीस खाटा बाळंतिणींच्या, वर दोघी-तिघी खाली सतरंजीवर. त्याआधी म्हणे काही वर्षं अर्धा वॉर्ड खोकल्याच्या, म्हणजे टीबीच्या, पेशंटांचा होता. अजूनही खेड्यावरचे म्हातारे आम्हाला 'खोकलाना दवाखाना' म्हणतात नि बायका आणत नाहीत. मग नसबंदीची शिबिरं आली, एका दिवसात पन्नास-पन्नास, व्हरांड्यात शेळ्या बांधल्यासारख्या बायका ओळीनं. मग डोळ्यांची शिबिरं. मग कोविड. आता ओपीडी, सलाइन, ड्रेसिंग आणि चिठ्ठ्या.

या सगळ्यात एक नंबरची खाट मात्र आम्ही कधी सोडली नाही. खोकल्याच्या वेळी तिला पडदा होता. कोविडमध्ये ती उचलून स्टोअरमध्ये नेली, तिथं औषधांच्या खोक्यांमध्ये मी एक बाळंतपण केलं, प्लास्टिकचा झगा घालून, घामानं निथळत. डॉक्टर बदलले, ट्रस्टी बदलले, खाट तीच. हल्ली वर्षाला तीन-चार होतात. गेल्या वर्षी दोनच. बाकी सगळ्यांची सोनोग्राफी धुळ्याला, नाव धुळ्याला, बाळंतपण धुळ्याला. चूक कुणाचीच नाही. इथं भूल देणारा नाही, रक्त नाही. माझ्या स्वतःच्या सुनेला मी धुळ्यालाच नेलं होतं.

१३ सप्टेंबर, शनिवार
फलकासाठी आकडे काढावेत म्हणून जन्माचं रजिस्टर उघडलं. पहिल्या पानावर यंदाचा एकुलता एक जन्म, मुलगा. मी वर्षभर निश्चिंत. नवं रजिस्टर, पहिलं पान, झालं की यंदाचं काम.

तारीख बघते तर धनत्रयोदशी. गेल्या दिवाळीची. लक्ष्मीपूजनाच्या आधीची! आणि त्या नोंदीवर कुंकवाचा टिळा.

झालं असं. जुनं रजिस्टर भरत आलं होतं. आमच्याकडे नवी वही धनत्रयोदशीला आणायची पद्धत, पूर्वीपासून शेठजींच्या पेढीची रीत. आणली, पूजा केली, आणि संध्याकाळीच ते बाळंतपण झालं, म्हणून नव्या वहीत लिहिलं. जुन्या वहीत दोन ओळी शिल्लक होत्या तरी. मग लक्ष्मीपूजनाला वारसांकडून दरवर्षी वही तपासायला येणारे मुनीमजी आले, त्यांनी त्याच नोंदीला टिळा लावला, गेलं साल पूर्ण झालं. नवी वही म्हणजे नवं साल असं डोक्यात घेऊन मी बसले. एकतीस वर्षं नोकरी करून ही अक्कल.

यंदाचं साल कोरं आहे. लक्ष्मीपूजन २१ ऑक्टोबर. पाच आठवडे.

१५ सप्टेंबर, सोमवार
डॉ.ना सांगितलं. त्यांनी स्वतः रजिस्टर उघडून तारीख पाहिली. मग म्हणाले, "ट्रस्टला कळवायचं का?" मी म्हटलं, कळवून ट्रस्ट काय जन्म देणार आहे?

कमलमावशी (आमच्या आया, माझ्याआधीपासूनच्या) सहज म्हणाल्या, "बाई, लिखी टाका ना एक नाव. कोन देखाले येस?" माझा हात नाही होत. नोंद इथून ग्रामपंचायतीत जाते, दाखला निघतो. नसलेलं पोर कागदावर जन्माला घालायचं? मावशींवर ओरडले. नंतर वाईट वाटलं, त्यांचं घर या दवाखान्यावर आहे. माझी तरी दोन वर्षं राहिलीत.

१९ सप्टेंबर, शुक्रवार
गावोगावच्या आशाताईंकडून यादी घेतली. आसपासच्या सात गावांत ऑक्टोबरात दिवस भरणाऱ्या अकरा. फोन केले. आठ जणींची नावं धुळ्याला, एकीचं पाचोऱ्याला. एकीला आधीचं सिझर, तिला मीच नको म्हटलं. राहिली एक, ती उसाच्या कामाला निघून गेली नवऱ्याबरोबर.

फोनवर माझा आवाज असा लाडीक झाला होता की मलाच लाज वाटली. "या ना, आपल्याच दवाखान्यात, घरच्यासारखं." साड्यांच्या दुकानातली बाई झाले मी.

२३ सप्टेंबर, मंगळवार
रोज ड्रेसिंगला येणारे नाना. पायाची जखम, साखर. आज विचारत होते, "दवाखाना बंद व्हनार हाई खरं का?" गावात पसरलं म्हणजे. म्हटलं, कोण म्हणतं? त्यांनी पाय पुढे केला. धुळ्याला रोज ड्रेसिंगला जाणं त्यांना या जन्मात जमणार नाही.

२ ऑक्टोबर, गुरुवार
दसरा. ओपीडी बंद, तरी गेले. आणि सुमनअक्का आल्या! शेजारच्या खेड्यातल्या. बाविसेक वर्षांपूर्वी मी त्यांचं बाळंतपण केलं होतं, एक नंबरच्या खाटेवर, मुलगी. तीच वैशाली आता पहिलटकरीण. सुरतेला असते, नवरा मार्केटात कामाला. पहिलं बाळंतपण माहेरी म्हणून आणलीय. सगळे कागद सुरतेचे, आशाताईंच्या यादीत म्हणूनच नव्हती.

अक्का म्हणाल्या, "मनी वैशाली आठेच जलमनी, तुमनाच हातवर. तिनं पोर बी आठेच व्हवाले पाहिजे." मी हुरळले. खरंच हुरळले. कागद पाहिले, दिवस १७-१८ ऑक्टोबरचे. सोनोग्राफी ठीक. रक्त थोडं कमी. पहिलटकरीण इथं ठेवायची नाही असा आम्हीच दहा वर्षांपूर्वी नियम केलाय, भिंतीवर लावलाय, अक्षर माझंच. अक्कांना मी तो नियम सांगितला नाही.

वैशाली कागद पिशवीत भरत होती. जाताना हळूच म्हणाली, "सिस्टर, आमचे हे म्हणतात धुळ्याला मोठं हॉस्पिटल बघा." अक्का लगेच, "तुम्ही शेतस ना आठे? मंग मले कसानी फिकर?"

४ ऑक्टोबर, शनिवार
डॉ.ना सांगितलं. ते फायलीतले कागद तीनदा उलटेपालटे करत राहिले. "पहिली खेप आहे, सिस्टर." मी म्हटलं, माहितीये. "काही वाटलं तर लगेच पाठवू." मी म्हटलं, लगेच. दोघांनीही एकमेकांकडे पाहिलं नाही.

११ ऑक्टोबर, शनिवार
वैशाली तपासणीला. ठोके छान. गोळ्या दिल्या, गूळ-शेंगदाणे खा म्हटलं. तिच्या पोटावर हात ठेवून मी लक्ष्मीपूजनाचे दिवस मोजत होते. दहा. तिनं विचारलं, "सगळं बरोबर आहे ना?" बरोबरच होतं. मी मोजत होते ते तिला कसं सांगणार.

१८ ऑक्टोबर, शनिवार
धनत्रयोदशी. कळा नाहीत. दिवस वर चाललेत.
मुनीमजींचा जळगावहून फोन. "सिस्टरजी, मंगळवारी येतो, दरवर्षीसारखा. खाता तयार ठेवा." जन्माच्या रजिस्टरला ते खाताच म्हणतात. माणूस वाईट नाही. दरवर्षी कुंकू लावतात, बाळंतिणीसाठी मेथीचे लाडू घेऊन येतात. म्हणाले, "यंदा पुण्याहून छोटे शेठ पण विचारत होते." आताचे वारस तेच, कोरं सापडावं म्हणून विचारत असणार. मुनीमजींनी ते सांगितलं हेच त्यांचं चांगुलपण.

१९ ऑक्टोबर, रविवार
काहीच नाही. दोनदा फोन केला अक्कांना. दुसऱ्यांदा त्या म्हणाल्या, "व्हई व्हई, पोर काय कोनं सांगेल आयकस का?"
घरी चकल्या बिघडल्या. ह्यांनी विचारलं, लक्ष कुठंय तुझं?

२० ऑक्टोबर, सोमवार
नरकचतुर्दशी. जसं झालं तसं लिहिते. दुसरीकडे कुठंच लिहिता येणार नाही.

सकाळी सातला आणलं. कळा रात्रीपासून, आधी कळवलं नाही, सणाच्या दिवशी बाईला कशाला त्रास म्हणून. चांगल्या कळा होत्या. कमलमावशींनी एक नंबरच्या खाटेवर नवी चादर घातली. नवाला डॉ. आले धुळ्याहून, आंघोळीचं उटणं कानामागे तसंच. सगळं नीट चाललं होतं.

अकराला पाणी गेलं. हिरवट.

मला माहीत होतं. पहिल्या वर्षाच्या नर्सिंगच्या पोरीलाही माहीत असतं. बाळानं आत शी केलीय, त्याला त्रास होतोय. पहिलटकरीण, हिरवं पाणी, पिशवीचं तोंड अजून बरंच उघडायचं बाकी: चिठ्ठी, गाडी, धुळे. गाडी दारात उभी होती. ड्रायव्हर दिवाळीचा फराळ खात होता.

डॉ. माझ्याकडे बघून म्हणाले, "पाठवायचं का?" ते वयानं माझ्या मुलाएवढे, बाळंतपणं त्यांनी किती केली असतील? माझ्या तोंडाकडे बघत होते. मी ठोके ऐकले. एकशे दहा, मग एकशे तीस. म्हटलं, "थोडं थांबू. हलकंच आहे पाणी."

हलकं नव्हतं.

बाराला वैशाली माझा हात धरून म्हणाली, "सिस्टर, मला धुळ्याला न्या ना." स्पष्ट म्हणाली. तिच्या नवऱ्याचा सुरतेहून फोन चालूच होता, तोही तेच. मी म्हटलं, "आता निघालो तर वाटेत होईल बेटा. थोडं थांब." खोटं. साडेअकराला निघालो असतो तर साडेबाराला पोचलो असतो. मी घड्याळ बघत होते आणि माझ्या डोक्यात धुळ्याचा रस्ता नव्हता. मुनीमजी होते. एक तास मी असा घालवला, तिचं डोकं मांडीवर घेऊन, घाम पुसत. प्रेमानंच पुसत होते, हे त्यातलं सगळ्यात वाईट.

एक वाजता ठोके नव्वदवर. मग खरंच उशीर झाला होता, मग न्यायची सोयच राहिली नाही. दोन दहाला झालं. मुलगी. निळी, मऊ, गप्प. तोंडातलं ओढलं, पाठ चोळली, श्वासाचा फुगा दाबला. डॉ.ना फुगा नीट दाबता येईना, तो मी घेतला. किती वेळ, मला माहीत नाही. कमलमावशी देवाचं नाव घेत होत्या. मग एक हुंदका आला, मांजरीच्या पिल्लासारखा, आणि मग परत काही नाही, मग परत एक.

गाडीत मी बसले, बाळ माझ्या छातीशी, ऑक्सिजन. अक्का पुढे. वैशालीला टाके घालून डॉ.नी मागून आणायचं ठरलं. वाटेत मुकटी गावाच्या पुढे बाळाला झटका आला. धुळ्यात लोक रस्त्यावर फटाके लावत होते. आत घेतलं, काचेच्या पेटीत ठेवलं. तिथल्या डॉक्टर मॅडमनी विचारलं, "पाणी कधी गेलं होतं?" मी म्हटलं, "साडेबाराच्या सुमारास."

सकाळी आमच्या दवाखान्याच्या कागदावर अकरा लिहिलंय, माझ्याच हातानं. मॅडमना साडेबारा सांगितलं. खोटं नाव लिहायला माझा हात होत नव्हता ना?

२१ ऑक्टोबर, मंगळवार
लक्ष्मीपूजन. मुनीमजी चारला आले, धोतर, कपाळाला गंध, पिशवीत लाडू. मी रजिस्टर पुढे केलं. त्यांनी चष्मा लावून वाचलं, "कन्या. लक्ष्मीच आली की!" करंगळीशेजारच्या बोटानं कुंकू लावलं, नमस्कार केला. मग म्हणाले, "जच्चा-बच्चा कुठं?" म्हटलं, धुळ्याला. बाळ काचेत. त्यांचा चेहरा उतरला. लाडू कुणाला द्यावेत त्यांना कळेना. पिशवी टेबलावर ठेवून म्हणाले, "मी तर बघून जाणारा माणूस, सिस्टरजी. छोट्या शेठना सांगतो, साल भरलं."

कमलमावशी दाराआड रडत होत्या, बहुतेक सुटल्याच्या आनंदानं. नानांनी ड्रेसिंगला आल्यावर माझ्या पाया पडल्यासारखं केलं. मी पाय मागे घेतले. डॉ. दिवसभर माझ्याशी औषधांपुरतंच बोलले.

जाऊन सांगावं मॅडमना, पाणी अकराला गेलं होतं. त्यानं उपचारात काही फरक पडेल का, हेही विचारावं. विचारलं नाही. फोन हातात घेतला नि ठेवला.

२२ ऑक्टोबर, बुधवार
पाडवा. धुळ्याला जाऊन आले. झटके कमी आहेत, दूध नळीतून. "बघू," मॅडम म्हणाल्या. "मेंदूला किती लागलंय ते पुढे कळेल. महिने लागतील." महिने. वैशाली भिंतीकडे तोंड करून झोपली होती. जागी असावी. मी पाठीवर हात ठेवला तर तिनं काढला नाही, वळलीही नाही.

मॅडमना साडेबाराचं खरं सांगायचं ठरवून गेले होते. राउंड चालू होता. बाहेर बाकावर तासभर बसले. राउंड संपला, त्या माझ्यासमोरून गेल्या, "बोला सिस्टर" पण म्हणाल्या. मी म्हटलं, काही नाही, बाळाला बघायला आले. माझीच मला किळस आली त्या क्षणी.

डॉ.नी फलकाच्या पानाचं विचारलं. म्हटलं, तुम्हीच लिहा.

२३ ऑक्टोबर, गुरुवार
भाऊबीज. भाऊ पारोळ्याहून आला, ओवाळलं. तो जेवून गेला तशी तीनची गाडी पकडून परत धुळ्याला.

काचेच्या खोलीबाहेर व्हरांड्यात खेड्यापाड्यांच्या बायका बसलेल्या असतात, आत लेकरं असलेल्या. त्यात सुमनअक्का मध्ये बसून सांगत होत्या. मला बघून उठल्या, हात धरून ओढत नेलं नि सगळ्यांना म्हणाल्या, "याच त्या सिस्टरबाई! यासना दवाखानामा जलमनी म्हनीसनच वाचनी मनी नात. वाटमा व्हयी जाती तं वाचती का? बठ्ठी रात मी हाऊच इचार करस." बायका माझ्याकडे देवीकडे बघावं तसं बघत होत्या. एकीनं गावाचा पत्ता विचारला. फाटा कुठला, बस थांबते का.

सांगायला हवं होतं. तिथंच, त्या बायकांसमोर. अक्का, तुमची पोर मला धुळ्याला न्या म्हणत होती. डोळे भरून आले, मी मान खाली घातली. अक्कांना वाटलं मला गहिवरून आलं. पदरानं त्यांनी माझेच डोळे पुसले.

मग खालच्या आवाजात, जवळ येऊन, आनंदाची बातमी सांगावी तशा: "मनी धाकली वहूले तिसरा महिना शे. तिनी बी पहिलीच खेप. तिले धुयाले नही लई जावाव. तुमनाकडेच लई येसू."

मी 'आणा' म्हणाले.